हरणीचे डोळे

सकाळी पावणेपाचला उठते मी. अलार्म लावलेला असतो पण त्याची वेळच येत नाही, त्याच्या आधीच गार नाक मनगटाला लागतं आणि मग एक लांबलचक पंजा गादीच्या कडेवर येतो. हरणी भुंकत नाही, कुईकुई करत नाही, नुसती उभी राहून माझ्याकडे बघत राहते, आणि ते बघणं असं असतं की झोप राहूच शकत नाही. पाच वाजता आम्ही खाली. लोकांना वाटतं सोलापूरच्या उन्हामुळे एवढ्या लवकर जाते, आणि एप्रिल-मेमध्ये ते खरंच आहे, पण वर्षभर अंधारातच जायचं कारण वेगळं आहे. अंधारात तिला कमी दिसतं. मांजर, खारुताई, वाऱ्याने उडणारी कॅरीबॅग, लांब चौकात वळणारी सायकल, यातलं काहीच नजरेला पडत नाही आणि मग ती माझ्यासोबत चालते. सात वाजता तीच हरणी त्याच रस्त्यावर नेली तर मी तिच्यासोबत नसतेच, मी फक्त पट्ट्याचं दुसरं टोक असते.

हरणी कारवान हाऊंड आहे, आमच्या भागात सगळे नुसतं कारवानी म्हणतात. चार वर्षांची, फिकट बदामी रंग, वजन २१ किलो. तीन महिन्यांची असताना मंगळवेढ्याहून मामाकडून आणली. मामाच्या गोठ्यात पूर्वी हरणी नावाची गाय होती, तिच्या मागे हे नाव रिकामं राहिलं होतं म्हणे, ते मामाने पिल्लाला देऊन टाकलं. मामाकडे माझ्या लहानपणापासून ही कुत्री आहेत, आजोबांकडेही होती. त्यामुळे मला वाटत होतं की मला सगळं माहितीये. पण मामाच्या शेतातलं कुत्रं बघणं वेगळं आणि शहरात आपल्या घरात ते वाढवणं वेगळं, हे पहिल्या दोन महिन्यातच कळलं.

ज्यांना माहिती नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. ही दख्खनची जात आहे, महाराष्ट्रात सोलापूर, सांगली, लातूर या पट्ट्यात आणि पलीकडे कर्नाटकात बागलकोट जिल्ह्यात मुधोळला. मुधोळच्या घोरपडे संस्थानिकांनी ही जात सांभाळली, वाढवली म्हणून तिकडे मुधोळ हाऊंड म्हणतात, आणि आपल्याकडे लातूर जिल्ह्यात जानवळ गावाचं नाव या कुत्र्यांसाठी घेतलं जातं. व्यापारी तांड्यांबरोबर, फौजांबरोबर यांचे पूर्वज पश्चिम आशियाकडून आले आणि म्हणून कारवान, असं सांगतात. कानाला, शेपटीला लांब रेशमी केस असले की त्याला पश्मी म्हणायचं. २००५ साली पोस्टाने देशी कुत्र्यांची चार तिकिटं काढली त्यात मुधोळ होता, आणि २०२० मध्ये पंतप्रधानांनी मन की बातमध्ये नाव घेतल्यावर तर अचानक सगळ्यांनाच हे कुत्रं हवं झालं. नावावरून वाद घालणारे खूप भेटतात, कारवान वेगळा आणि मुधोळ वेगळा म्हणून, मी त्यात पडत नाही. मामा दोन्हीला कारवानीच म्हणतो.

मुद्दा असा आहे की हे कुत्रं वासावर शिकार करत नाही, नजरेवर करतं. आणि ही एक गोष्ट नीट कळली की बाकीचं सगळं आपोआप कळत जातं, पट्टा कुठला घ्यायचा इथपासून ते गच्चीचा कठडा किती उंच हवा इथपर्यंत. डोकं अरुंद, तोंड लांब आणि डोळे जरा बाजूला, त्यामुळे मान न वळवता हिला बाजूचं आणि बरंचसं मागचंही दिसतं. लांब तोंडाच्या कुत्र्यांच्या डोळ्यातल्या पडद्यावर पेशींचा एक आडवा दाट पट्टा असतो, आखूड तोंडाच्या पगसारख्या कुत्र्यांमध्ये तो तसा नसतो. त्यामुळे जमीन आणि आभाळ जिथे मिळतं त्या रेषेवर जे काही हलेल ते हिला आधी दिसतं. माळरानावरच्या कुत्र्याला दुसरं काय हवं? सपाट माळ, लांबवर एक ठिपका, तो हलला. बस. आणि एकदा दिसलं की कान बंद. मी हे वाढवून सांगत नाहीये. हरणी घरात फ्रीजचं दार उघडल्याचा आवाज दुसऱ्या खोलीतून ऐकते, पण ससा दिसला की मी पाच फुटांवरून ओरडले तरी तिच्यापर्यंत काही पोचत नाही. सुरुवातीला मला याचा राग यायचा, वाटायचं ऐकत नाही, मस्तावली आहे. आता नाही येत. त्या क्षणी तिला मी दिसतच नसते तर ती ऐकेल कशी.

पहिलं वर्ष वाईट गेलं, माझ्यामुळे. शाळेची नोकरी, हे सोलापूर-पुणे करत होते, सकाळ-संध्याकाळ मी तिला वीस-वीस मिनिटं कॉलनीत फिरवायचे आणि मला वाटायचं झालं की. बाकी वेळ गच्चीवर, लांब साखळीला. तिने सोफ्याचा हात खाल्ला, दाराची चौकट कुरतडली, स्वतःचा पुढचा पाय चाटून चाटून तिथे जखम केली. मग एक दिवस ती गच्चीवर साखळीच्या टोकाला गोल गोल फिरताना बघितली, तासभर, एकाच दिशेने. मी मामाला फोन केला आणि खरं सांगते, मी रडत होते. मामा म्हणाला, "पोरी, बांधून घातलं की कारवानी खुळं हुतंय. त्येला रोज एकदा तरी जीव तोडून पळू दे, मग बग, घरात हाय का न्हाई ते बी कळायचं न्हाई." 

आणि अगदी तसंच झालं. ही कुत्री दिवसभर दंगा करणारी नाहीतच. पाच-सात मिनिटं पूर्ण जोर लावून पळतात आणि मग झोपतात, मऊ काहीतरी शोधून, चारी पाय वर करून, दुपारभर. लॅब्रेडोरला तासभर बॉल टाकत बसावं लागतं तसं यांचं नाही. पण ती पाच-सात मिनिटं मोकळी, पट्ट्याशिवाय, पूर्ण वेगात पाहिजेत, आणि चालण्याने ती भरून निघत नाहीत, तुम्ही चार किलोमीटर चालवा नाहीतर आठ.

आता सोलापुरात मोकळं कुठे सोडणार? रस्त्यावर तर नाहीच. काहीजण मोटरसायकलला बांधून डांबरी रस्त्यावर पळवतात, ते मला बघवत नाही, तळव्यांची कातडी सोलून निघते आणि कुत्रं थांबू शकत नाही कारण गाडी थांबत नाही. नान्नजच्या माळढोक अभयारण्याच्या बाजूचा माळ बघून तिथे सोडायचा सल्ला मला दोघा-तिघांनी दिला. कृपा करून असं कुणी करू नका. तो माळ काळविटांचा आहे, जमिनीवर अंडी घालणाऱ्या पक्ष्यांचा आहे, आपलं एक कुत्रं तिथे काय करेल याचा अंदाज मला आहे कारण मी तिच्यासोबत राहते. आणि १९७२ चा वन्यजीव कायदा ससा मारायलाही परवानगी देत नाही, काळविटाचं तर बोलायलाच नको. गावाकडची पोरं अजून येतात मामाकडे, "हरणीला सशाला न्यायची का" म्हणून. आजोबांच्या काळात हे सर्रास होतं, मामानेही तरुणपणी केलंय, तो लपवत नाही. पण आता तो स्पष्ट नाही म्हणतो. 

शेवटी शाळेतल्या एका सहकाऱ्याची जागा मिळाली, गावाबाहेर अडीच एकर, डाळिंब काढून टाकलेलं, चारी बाजूंनी सहा फुटी जाळीचं कुंपण. स्कूटीवरून पंधरा मिनिटं, हरणी पुढे पाय ठेवायच्या जागेत बसते, अंगात हार्नेस. आठवड्यातून पाच दिवस सकाळी तिथे. मामाने शिकवलं तसं एक साधन केलंय, सहा फुटी बांबू, त्याला आठ-नऊ फूट दोरी, दोरीच्या टोकाला गोणपाटाचा तुकडा. मी मध्ये उभी राहून तो तुकडा जमिनीलगत फिरवते.

ती जेव्हा तो तुकडा हललेला बघते ना, तो क्षण मला रोज बघायचा असतो. आधी सगळं थांबतं. पुढचा उजवा पाय अर्धा उचललेला, तसाच हवेत. कान मागे मानेला चिकटलेले असतात ते मुळाशी किंचित वर येतात. बरगड्यांवरची कातडी थरथरते, घोड्याच्या अंगावर माशी बसल्यावर थरथरते तशी, आणि शेपटीचं फक्त टोक, दोन इंच, ताठ. तोंड बंद. श्वास चालू आहे का नाही कळत नाही. मग ती नसतेच तिथे. पाठीची कमान होते, मागचे पाय पुढच्या पायांच्या बाहेरून पुढे येतात, मग सगळं अंग सरळ रेषेत ताणतं, एका झेपेत दोनदा चारी पाय जमिनीवरून सुटलेले असतात. मातीवर टापांचा आवाज येतो, कुत्र्याच्या पावलांचा वाटत नाही तो. पहिल्यांदा ऐकला तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता, अजूनही येतो.

तिसऱ्या-चौथ्या फेरीनंतर जीभ एका बाजूला लोंबायला लागली की मी थांबवते, तिला स्वतःहून थांबता येत नाही हे लक्षात ठेवावं लागतं, समोर काही हलतंय तोवर ती पळणारच. दोरी थांबली की शिट्टी, आणि शिट्टीला नेहमी उकडलेल्या कलेजीचा तुकडा, एकदाही न चुकता. मारून, ओरडून ही जात काही शिकत नाही. एकदा माझ्या नवऱ्याने चिडून चप्पल उगारली होती, मारली नाही, नुसती उगारली, तर चार दिवस ती त्याच्या खोलीत गेली नाही.

हार्नेसचं म्हणाल तर साधा गळपट्टा यांना चालतच नाही. डोकं मानेपेक्षा बारीक, मागे सरकली की पट्टा कानावरून निघून हातात येतो. आणि लांब दोरीला गळ्यात पट्टा बांधून सोडलं तर ती काही ढांगातच पूर्ण वेग घेते आणि दोरी संपली की मानेला असा झटका बसतो की काहीही होऊ शकतं. म्हणून अंगातलं हार्नेस, पोटाखालून दोन पट्टे असलेलं. गच्चीचा कठडा तीन फुटी होता, पारव्याच्या मागे ती सहज पलीकडे गेली असती, त्यावर अजून चार फूट जाळी लावून घेतली. घरमालकांनी परवानगी दिली, अर्धा खर्चही दिला, त्यांचे उपकार आहेत.

दोन वर्षांपूर्वी नोव्हेंबरमध्ये मामाच्या शेतावर ती सुटली. गडी फाटक नीट न लावता गेला, ज्वारी गुडघ्याएवढी होती, आणि बांधाजवळून ससा उठला. मी बघत होते, मला ससाही दिसला आणि हरणीही दिसली आणि मग दोन्ही दिसेनात. शिट्टी, हाका, सगळं केलं. मी मागे धावायला लागले तर मामाने हात धरला. म्हणाला, "कुठं जाती? जिथनं सुटलीया तिथंच थांब. वढणी टाक खाली. ती बगत बगत गेलीया, बगत बगत माघारी यील." मी ओढणी बांधावर पसरली आणि शेजारी बसले. मामाने पाण्याची घागर आणून ठेवली आणि तोही बसला. साडेतीन तास. मंगळवेढ्याचं ते काळं रान किती मोठं आहे हे मला त्या दिवशी कळलं, झाड नाही, काही नाही, नजर जाईल तिथवर ज्वारी, आणि एरवी मला ते आवडतं. मोठा रस्ता तिथून दोन किलोमीटर, आणि माझ्या डोक्यात फक्त ट्रक. उन्हं कलली तेव्हा ती आली, गेली त्याच्या अगदी उलट्या बाजूने, चालत, मागचा डावा पाय टेकवत नव्हती. माझ्याकडे आली नाही, आधी ओढणीवर जाऊन आडवी झाली. मामाने एकदम पाणी देऊ दिलं नाही, आधी ओल्या फडक्याने पोट आणि मांड्या पुसल्या, मग ओंजळीने थोडं थोडं पाजलं. ससा मिळाला नव्हता बहुतेक, तोंडाला काही नव्हतं. 

आणि त्यानंतरच्या जूनमध्ये काटेरी तार. ओळखीच्या एका शेतात सोडली, तीन बाजूंना जाळी आणि चौथ्या बाजूला काटेरी तार आहे हे मला माहीत होतं आणि तरी मी सोडली, ही चूक माझी आहे. लांबची बारीक तार पूर्ण वेगात असताना यांना दिसत नाही, त्यांची नजर तारेपलीकडच्या मांजरावर असते. कातडी कागदासारखी पातळ, खाली चरबी नाही, मांडीपासून बरगडीपर्यंत पदर फाटावा तशी फाटली. जवळच्या दवाखान्यात नेलं तर तिथे वजन न करताच भुलीचं इंजेक्शन भरायला घेतलं. मी हात जोडून थांबवलं. या सडपातळ हाऊंड कुत्र्यांच्या अंगात चरबी फार कमी असते आणि भुलीची काही औषधं, विशेषतः जुनी बार्बिट्युरेट वर्गातली, यांच्या शरीरातून लवकर बाहेर पडत नाहीत, इतर कुत्र्याला तासाभरात जाग येते तिथे हे बराच वेळ गुंगीत राहू शकतं, किंवा उठतच नाही. हे मी वाचलेलं होतं म्हणून विचारू शकले. दुसरीकडे नेलं, तिथल्या डॉक्टर बाईंनी पहिला प्रश्न विचारला, "कारवान ना ही? वजन करा आधी." सतरा टाके. तेव्हापासून तिच्या फाईलच्या पहिल्या पानावर मी लाल पेनने जात आणि वजन लिहून ठेवलंय, आणि तुमच्याकडे ग्रेहाऊंड, कारवान, राजापालयम, चिप्पीपराई काहीही असेल तर तुम्हीही लिहून ठेवा.

खाण्याबद्दल सगळेच विचारतात. मामाकडे ज्वारीची भाकरी, ताक आणि कधी अंडं, त्यावर पिढ्या वाढल्या. मी भाकरी ठेवलीये पण अर्धी, दोन उकडलेली अंडी, चिकन, थोडा भोपळा, दही. कांदा-लसूण अजिबात नाही. दोनदा खायला, आणि पळून आल्यावर तासभर तरी भांडं समोर ठेवायचं नाही, छाती खोल असलेल्या कुत्र्यांच्या पोटाला पीळ पडू शकतो आणि मग काही तासात खेळ संपतो. आणि बरगड्या. अहो, दिसू द्या बरगड्या! शेवटच्या दोन-तीन बरगड्या आणि कमरेची हाडं दिसणं हे या जातीचं तब्येतीचं लक्षण आहे. समोरच्या काकूंनी पहिल्या वर्षी मला तोंडावर विचारलं, "उपाशी ठेवता का हो मुक्या जीवाला?" आणि माझ्या मागे तिला ग्लुकोजची बिस्किटं घालायच्या. त्यांचं मन चांगलं होतं, मी त्यांना एक दिवस रानात घेऊन गेले आणि पळताना दाखवली, मग बिस्किटं बंद झाली.

बाकी मग रोजचं. दिवाळीनंतर माळावरचं कुसळी गवत वाळलं की कुसळं पायाच्या बोटात, कानात शिरतात आणि आत आत जात राहतात, म्हणून रानातून आलं की आधी बोटं फाकवून बघायची. गोचीड रोज बघायची, एकदा गोचीडतापाने प्लेटलेट पार खाली गेल्या होत्या, महिनाभर गोळ्या. रेबीजची लस दर वर्षी. थंडीत अंगावर जुन्या गोधडीचं शिवलेलं जाकीट, कारण केस फारच आखूड. खाली जाड गादी, नाहीतर कोपरांना घट्टे पडतात. अनोळखी माणसाने हात लावलेला तिला आवडत नाही, चावत नाही पण मागे सरकते, पाहुण्यांनी वाईट वाटून घेऊ नये.

पिल्लं आहेत का म्हणून फोन येतात. नाहीयेत, तिचं ऑपरेशन झालंय. पण मी विचारते, कुठे राहता, आणि उत्तर बहुतेक वेळा टू बीएचके, आणि मग मी विचारते पळवणार कुठे, तर म्हणतात सोसायटीत गार्डन आहे. देशी जात आपण सांभाळली पाहिजे हे मला शंभर टक्के मान्य आहे, माझ्या आजोबांनी तेच केलं. पण स्टेटसला फोटो टाकून आठव्या महिन्यात बाल्कनीत बांधलेलं कारवान मी दोन ठिकाणी स्वतः बघितलंय, एकाच्या पायावर हरणीसारखीच चाटून केलेली जखम होती. मला तेव्हा तिथून निघवलं नाही. ज्यांच्याकडे कुंपण घातलेलं रान आहे, नाहीतर रोज पहाटे उठून तिथवर जायची तयारी आहे, त्यांना मी मामाचा नंबर आनंदाने देते. बाकीच्यांशी भांडण झालं तरी चालेल.

मामा मागच्या महिन्यात आमच्याकडे होता, मोतीबिंदूच्या ऑपरेशनला. आठ दिवस काळा चष्मा, उन्हात जायचं नाही, वाकायचं नाही. संध्याकाळी गच्चीवर खुर्ची टाकून बसायचा आणि हरणी त्याच्या पायाशी, जाळीतून लांब बघत. कान उभे झाले की मामा विचारायचा, "काय दिसतंय गं?" ज्याने तिला फक्त तीन महिनेच सांभाळलं त्या माणसाच्या गुडघ्यावर ती हनुवटी टेकवून बसायची. जायच्या आदल्या दिवशी त्याने तिला जवळ ओढलं, चष्मा न काढताच दोन्ही हात तिच्या छातीवरून मागे फिरवत नेले, एकेक बरगडी बोटाने मोजत, पार कमरेपर्यंत. 

"भाकरी कमी कर," म्हणाला. "किलोभर वाढलीया."

दुसऱ्या दिवशी वजन केलं. २२.१.